मागच्या फाळक्यावरची गाठ

आत्याबाईला पकडून नेल्याला तेवीस दिवस झाले होते, तरी आवारात तिच्या जागेवर कोणी पाय ठेवत नव्हतं. तिथे तेलाचा काळा डाग उरला होता आणि येणारा-जाणारा त्याला वळसा घालून जात होता. आत्याबाई म्हणजे ट्रक, निळ्या केबिनचा, चढ लागला की कण्हणारा. आप्पांनी तो आणला तेव्हा थोरला अजून जन्मायचा होता, म्हणजे मुलांच्या लेखी तो घरातला वडीलधाराच, आणि त्याच्या कुरकुरी ऐकून हे नाव धाकटीने लहानपणी ठेवलेलं. दोनदा इंजिन बदललं, नाव तेच राहिलं. आप्पा गेल्यावर कागदोपत्री मालकी त्यांच्या बायकोकडे, माईंकडे आली होती. उद्या सकाळी अकराला उत्पादन शुल्क खात्याच्या अधिकाऱ्यासमोर सुनावणी होती, आणि त्यानंतर आत्याबाई एक तर घरी येणार होती, नाहीतर कायमची सरकारजमा होणार होती.

समोरच्या खोलीत टेबलाभोवती सगळे बसले होते. जावई तेवढा दाराजवळच्या स्टुलावर होता. लग्नाआधी तो गाडी चालवायला शिकवायचा, अजूनही रिकाम्या रस्त्यावर वळताना खिडकीतून हात दाखवायचा, म्हणून त्याला सगळे मास्तर म्हणत. नऊ वर्षं आत्याबाई त्याच्याच हातात होती. खात्याच्या माणसांनी ती अडवली तेव्हाही स्टिअरिंगवर तोच होता. रंगाच्या डब्यांखाली चोरट्या दारूचे चाळीस कॅन निघाले. बारा दिवस कोठडीत काढून तो जामिनावर सुटला होता आणि तेव्हापासून त्याला टेबलाशी खुर्ची मिळाली नव्हती. बसू नको असं कोणी म्हटलं नव्हतं. बस असंही म्हटलं नव्हतं.

“कायद्यात एकच फट आहे,” वकीलबाई म्हणाल्या. “मालकाला माहीत नव्हतं, मालकाच्या वतीने कारभार बघणाऱ्यालाही माहीत नव्हतं, आणि दोघांनी पुरेशी काळजी घेतली होती, एवढं पटवता आलं तर गाडी परत मिळते. चालकाने परस्पर काही केलं असेल तर ते त्याच्यापुरतं राहतं.”

“त्याच्यापुरतं म्हणजे किती?” धाकटीने विचारलं.

“दोन-तीन वर्षं. आणि लायसन कायमचं जातं.”

धाकटीने नवऱ्याकडे पाहिलं नाही. टेबलावर मास्तरच्या सहीसाठी एक कागद टाइप करून ठेवला होता. माल मी परस्पर भरला, घरच्यांना कल्पना नव्हती, अशा अर्थाचा.

“मी मागे गेलोच नाही,” मास्तर स्टुलावरून म्हणाला. हे तो सतराव्यांदा सांगत असेल. “आवारात आलो, गाडी भरलेली होती, ताडपत्री बांधलेली होती. उशीर झाला होता म्हणून निघालो. रस्त्यात अडवलं तेव्हा मला भिंतीकडे तोंड करून उभं केलं. कोणी भरली, कोणी बांधली, मला खरंच माहीत नाही.”

“आमच्यातल्या कोणी बांधली नाही,” थोरला म्हणाला. “माई आणि धाकटी डोळ्याच्या दवाखान्यात होत्या. मी टायरवाल्याकडे होतो. मी येईपर्यंत थांबायला काय झालं होतं?”

थांबायला हवं होतं, हे खरंच होतं. त्या दिवशी मास्तर थांबला नव्हता.

“तुमची ती गाठीची पद्धत मात्र उद्या नक्की सांगा,” वकीलबाई माईंकडे वळल्या. “काळजी काय घेता, या प्रश्नाला याहून चांगलं उत्तर मला सापडलेलं नाही. दोर घेऊन या. साहेबांसमोर बांधूनच दाखवा.”

पद्धत अशी होती. धंद्याच्या पहिल्याच वर्षी एका रोजंदारीच्या हमालाने बांधलेला दोर वळणावर सुटला आणि लोखंडी पाइप घसरून रस्त्याने चालणाऱ्या एका माणसाचा पाय गेला. आप्पा त्या माणसाला आयुष्यभर भेटायला जात राहिले. त्या दिवसापासून त्यांनी ठरवलं की ताडपत्रीची शेवटची गाठ, मागच्या फाळक्यावरची, म्हणजे ट्रकच्या मागच्या उघडत्या फळीवरची, घरातल्याच माणसाने मारायची, आणि सगळा माल डोळ्यांनी बघितल्याशिवाय मारायची नाही. त्यासाठी त्यांनी दोन फासांची एक गाठ बसवली आणि माई सोडल्या तर फक्त पोटच्या पोरांना शिकवली. सुनेला नाही, जावयालाही नाही. त्यामुळे मास्तर नऊ वर्षं चेष्टेचा विषय होऊन राहिला होता. चहाच्या पुड्याला बांधलेला दोरा दिसला तरी थोरला म्हणायचा, “सोडा की मास्तर, का ही गाठही शिकवावी लागेल?”

“मला गाडी परत हवी आहे,” माई म्हणाल्या. “त्यासाठी जे करावं लागेल ते करू. जावईबापू, तो कागद वाचून ठेवा.”

मास्तरने मान हलवली. वाचायचं की सही करायची, हे त्याने विचारलं नाही.

*

वकीलबाई गेल्यावर सूनबाई कागद लावायला बसली. घरातले सगळे कागद तिच्याकडे असायचे, कारण बाकीच्यांच्या हातात गेलेला कागद परत सापडत नसे. खात्याकडून आजच पंचनाम्याची प्रत आली होती. सोबत फोटो होते, रंगीत. वकीलबाईंनी ते वरवर चाळून ठेवून दिले होते. ट्रकची नंबरप्लेट, डबे, डब्यांखालचे कॅन, कॅन उघडून दाखवणारा शिपाई, केबिन. सहावा फोटो ताडपत्री सोडण्याआधीचा होता, मागच्या फाळक्याचा.

तिने तो जवळ धरला.

सूनबाईला ती गाठ मारता येत नव्हती, पण चौदा वर्षं तिने ती रोज पाहिली होती. गाडी फाटकाबाहेर पडताना तिचा मागचा फाळका स्वयंपाकघराच्या खिडकीतून दिसायचा. दोन फास, वर एक वेढा आणि खाली लोंबणारं शेपूट. माईंनी किंवा धाकटीने मारली की शेपूट उजवीकडे पडायचं. थोरला डावखुरा. त्याचं डावीकडे पडायचं. पहिल्या वर्षी ती त्यावरून ओळखायची, आज गाडी कोणी सोडली ते, आणि नवऱ्याने सोडली असली की उगाच बरं वाटायचं.

फोटोत शेपूट डावीकडे होतं.

तिला त्या दिवसाची सकाळ आठवली. टायरवाल्याकडे होतो म्हणणारा नवरा त्या वेळी चहा मागायला आत आला होता आणि त्याच्या तळव्यावर दोराचे लाल वळ होते. तिने पाहिले होते. विचारलं नव्हतं. तिने फोटो उचलला, विम्याच्या कागदांचा कप्पा उघडला, त्याच्या तळाशी ठेवला आणि कप्पा बंद केला. मग उरलेले पाच फोटो फाइलला लावले. भोकं पाडताना पंच दोनदा चुकला.

संध्याकाळ व्हायच्या आत माई फाइल घेऊन खिडकीशी बसल्या. एका डोळ्याचं ऑपरेशन झाल्यापासून त्यांना सगळं स्वतः वाचायची हौस आली होती. दुधाच्या पिशवीवरची तारीखसुद्धा त्या मोठ्याने वाचत.

“पंचनाम्यात लिहिलंय, छायाचित्रं सहा,” त्या म्हणाल्या. “इथे पाच आहेत.”

“पाचच आली असतील.”

“सूनबाई.”

एवढंच म्हणून माई थांबल्या. सूनबाईने त्यांच्याकडे पाहिलं. तिला खोटं बोलता येत नव्हतं असं नाही, पण चौदा वर्षांत या बाईशी ती कधी खोटं बोलली नव्हती. ती उठली, कप्पा उघडला आणि फोटो आणून दिला.

माईंनी तो आधी जुन्या डोळ्यासमोर धरला, मग नव्या. त्यानंतर फोटो मांडीवर पालथा घातला.

“माझा नवरा आहे तो,” सूनबाई म्हणाली.

“माझा मुलगा आहे.”

“मग असू दे ना तो फोटो तिथेच. वकीलबाईंना गाठीतलं काय कळतंय? आणि साहेबांना तरी काय कळणार?”

“मला कळलं ना.” माईंचा आवाज चढला नाही. “मला वाटायचं जावयाने केलं असेल. परका माणूस, काय भरवसा, असं मी मनात म्हटलं. नऊ वर्षं माझ्या गाडीला ओरखडा येऊ दिला नाही त्याने. आज लाज वाटते मला माझी.”

सूनबाई रडायला लागली. माईंनी तिला गप्प केलं नाही, की जवळही घेतलं नाही. थोड्या वेळाने त्यांनी तिच्या हातात आपला रुमाल दिला आणि त्या आवारात गेल्या.

*

थोरला पत्र्याच्या शेडमध्ये जुने दोर गुंडाळत बसला होता. गाडी नसली की हाताला काम लागतं. आई येताना दिसली, तिच्या हातात फोटोच्या आकाराचं काहीतरी होतं, आणि ती आज तेलाच्या डागाला वळसा न घालता सरळ त्यावरून चालत आली, तेव्हाच तो काय ते समजला.

माईंनी फोटो त्याच्या समोरच्या डब्यावर ठेवला.

थोरल्याने फोटो पाहिला. नाही म्हणण्यात अर्थ नव्हता. गाठ त्याच्या अक्षराइतकी त्याची होती.

“रंगाच्या गोदामवाल्याने असल्या तीन खेपा सांगितल्या होत्या,” तो म्हणाला. “ही तिसरी. नाही म्हटलं असतं तर त्याची सगळी भाडी दुसऱ्याकडे गेली असती. आपली निम्मी भाडी त्याची आहेत, माई.”

“मग निम्मी गेली असती.”

“असं बोलणं सोपं असतं.”

“सोपं असतं होय?” माई उलट्या ठेवलेल्या बादलीवर बसल्या. “बरं, एक सांग. असलं काम करायचं होतं तर निदान साधी गाठ मारायचीस. घरची कशाला मारलीस?”

थोरल्याने चमकून वर पाहिलं. “साध्या गाठीवर गाडी पाठवू? वळणावर डबे सुटले असते म्हणजे?”

माईंना हसू येईल की रडू, हे त्यांनाच कळेना. चोरटा माल भरला आणि तो कोणाच्या अंगावर पडू नये म्हणून जिवापाड बांधला. हे आप्पांचंच पोर.

“आणि हाताला दुसरी येतही नाही,” तो हळूच म्हणाला.

मग थोरल्याने खुर्ची ओढावी तसा एक टायर पुढे ओढला आणि समजावणीच्या सुरात बोलू लागला. हा सूर तो गिऱ्हाइकांशी लावायचा. “माई, शांतपणे ऐक. मास्तर सही करणार आहे. दोन वर्षांत सुटेल. तोपर्यंत धाकटीचं घर मी बघेन, तुझ्या लेकीला काही कमी पडू देणार नाही. गाडी घरी येईल. मी बोललो तर गाडीही जाईल आणि मीही आत जाईन. मग या घराकडे कोण बघणार?”

“बारा दिवस तो कोठडीत होता,” माई म्हणाल्या. “त्या बाराही दिवशी तू माझ्यासमोर बसून जेवलास. वर परत भाजी मागितलीस.”

थोरला हातातला दोर पुन्हा गुंडाळू लागला.

“मला आत्याबाई हवी आहे. तुला काय वाटतं, मला नको आहे? धाकटीच्या वेळी कळा आल्या तेव्हा तुझ्या आप्पांनी मला तिच्यातूनच दवाखान्यात नेलं होतं. रोज सकाळी उठून पहिली खिडकी उघडते ती तिला बघायला. पण जावयाला आत घालून आणलेल्या गाडीत मी बसणार नाही.”

“मग उद्या तू सांगणार का?”

“उद्या मी वकीलबाईंनी सांगितलं तेच करणार. दोर नेणार आणि गाठ मारून दाखवणार, माझ्या हाताने. साहेबांपुढे हा फोटो असेल. शेवटी कोणी विचारलंच तर मी खोटं बोलणार नाही, जावयाला आत जाऊ देणार नाही. पण कोणी विचारायच्या आधी तू बोलावंस, एवढी माझी इच्छा आहे. जबरदस्ती नाही.”

“आणि मी नाही बोललो तर?”

माई उठल्या. गुडघे धरून उठायला त्यांना वेळ लागला, आणि थोरल्याने सवयीने हात पुढे केला. तो त्यांनी धरला.

“दोर त्यातला चांगला बघून ठेव,” त्या म्हणाल्या.

*

सकाळी बसमध्ये धाकटी येऊन मास्तरच्या शेजारी बसली. सुटून आल्यापासून ती आपणहून जवळ बसल्याचं मास्तरला आठवत नव्हतं. सहीचा कागद त्याच्या खिशात होता.

“तो कागद द्या,” ती म्हणाली. त्याने दिला. तिने त्याच्या चार घड्या केल्या आणि पर्समध्ये कोंबला. “सही करायची नाही. माईने मला सकाळी सांगितलं.”

“काय सांगितलं?”

“कळेल.” मग खिडकीबाहेर बघत ती म्हणाली, “मी तुम्हाला विचारायला हवं होतं.”

“विचारलं होतंस की. दोनदा.”

“विश्वास ठेवून विचारायला हवं होतं.”

पुढच्या सीटवर माई, त्यांच्या मांडीवर दोराची पिशवी. त्यांच्या शेजारी सूनबाई, डोळे सुजलेले. थोरला जागा असूनही दाराशी उभा होता.

खात्याची कचेरी दुसऱ्या मजल्यावर होती. साहेबांना सर्दी झाली होती. त्यांच्या टेबलावर फायली, एक वाफेचं मशीन आणि रुमालांचा ढीग होता, आणि दर दोन वाक्यांनंतर ते नाक शिंकरत. वकीलबाईंनी आपलं म्हणणं मांडलं. वयस्कर मालकीण, डोळ्याचं ऑपरेशन, धंद्याला इतकी वर्षं झाली पण एक तक्रार नाही.

“काळजी घेतली म्हणताय,” साहेब म्हणाले. “काय काळजी घेतली?”

माई उठल्या. आप्पांची पद्धत त्यांनी चार वाक्यांत सांगितली, पाय गेलेल्या माणसासकट. मग पिशवीतून दोर काढला, रिकाम्या खुर्चीच्या पाठीला टाकला आणि गाठ मारली. दोन फास, एक वेढा. शेपूट उजवीकडे पडलं. साहेब नाक पुसायचं विसरून बघत होते.

“छान आहे,” ते म्हणाले. “सुटत नाही?”

“ओढून बघा.”

साहेबांनी खरंच उठून ओढून पाहिली. मग काहीतरी आठवल्यासारखं करून फाइल उघडली, सहावा फोटो काढला आणि खुर्चीशेजारी धरला.

“हीच तर आहे. म्हणजे माल बघून तुमच्यापैकीच कोणीतरी...” ते थांबले. “पण हिचं टोक डावीकडे आहे.”

वकीलबाईंनी मान वळवून फोटो पाहिला. त्यांचा चेहरा उतरला. “सारखी दिसणारी असेल साहेब. चालकाने बघून बघून मारली असेल.”

“तुम्हाला येते का ही?” साहेबांनी मास्तरला विचारलं.

“नाही साहेब,” मास्तर म्हणाला. “मला शिकवलेली नाही.”

नऊ वर्षं याच वाक्यावर घर हसलं होतं. आज कोणी हसलं नाही. मास्तरला एकदम सगळं उलगडलं. त्याने थोरल्याकडे पाहिलं नाही, आपल्या बुटांकडे पाहत राहिला. धाकटीने त्याचा हात घट्ट धरला होता. साहेब आता पुढचा प्रश्न विचारणार होते आणि तो माईंनाच विचारणार होते, कारण त्यांनी माईंकडे बघून तोंड उघडलं होतं.

थोरल्याची खुर्ची सरकली. तो पुढे आला, आईची गाठ सोडली, दोर झटकला आणि पुन्हा खुर्चीच्या पाठीला टाकला. त्याचा डावा हात पुढे झाला. हाताकडे न बघता त्याने गाठ मारली. शेपूट डावीकडे पडलं.

“लहानपणापासून उजव्याने जमत नाही मला,” तो म्हणाला. “माल मी भरला. कॅन माझ्या समोर ठेवले. गाठ मी मारली. मास्तर मागे गेलेच नाहीत.”

वाफेचं मशीन फुसफुसत राहिलं. सूनबाईने पदर तोंडाला लावला.

“कारभार तुम्हीच बघता?”

“मीच बघतो.”

“म्हणजे कारभार बघणाऱ्याला माहीत होतं.” साहेब माईंकडे वळले आणि त्यांचा आवाज जरा मऊ झाला. “मग गाडीचं काय होतं, ते तुम्हाला वकीलबाईंनी सांगितलं असेल.”

“सांगितलंय,” माई म्हणाल्या. “लिहा.”

*

जप्त गाड्या कचेरीच्या मागे उभ्या होत्या. काहींच्या चाकांतून गवत वर आलं होतं. आत्याबाई अजून नवखी होती, तिच्यावर नुसती धूळ होती. केबिनमधल्या घरच्या वस्तू न्यायला परवानगी मिळाली. मास्तरने आपला पाण्याचा डबा घेतला, माईंनी शिवलेली सीटवरची उशी घेतली आणि सवयीने दार दोनदा आपटून लावलं, कारण ते एकदा आपटून लागत नसे.

माई बॉनेटवर तळहात ठेवून उभ्या राहिल्या. त्यांचे दोन्ही डोळे वाहत होते, नवाही आणि जुनाही, आणि त्यांनी ते पुसले नाहीत. मग त्या चालत मागे गेल्या, पिशवीतला दोर काढला आणि फाळक्याच्या कडीत अडकवला.

“जावईबापू, इकडे या,” त्या म्हणाल्या. “सूनबाई, तूही ये. लांबून दिसायचं नाही.”

“आता कशाला, माई?” सूनबाई म्हणाली. “गाडीच नाही.”

“गाडी घेऊ कधीतरी. हात आधी तयार पाहिजेत. हा पहिला फास. अंगठा इथे.”

मास्तरने फास केला. ड्रायव्हिंग शिकवणारा माणूस शिकायला बसला की फार अवघडतो, तसा तो अवघडला होता. सूनबाई त्याच्या खांद्यावरून बघत होती आणि तिचे ओठ न बोलता मोजत होते. दुसरा फास, वेढा, टोक खालून वर. शेपूट उजवीकडे पडलं. माईंनी मान डोलावली.

तेवढ्यात मागच्या दाराने शिपाई थोरल्याला घेऊन बाहेर आला. त्याचा जबाब लिहून झाला होता आणि खात्याची गाडी त्याला न्यायला थांबली होती. फाळक्यापाशी आल्यावर तो थांबला. शिपायानेही थांबू दिलं. थोरल्याने आईकडे पाहिलं, बायकोकडे पाहिलं, मग मास्तरने मारलेल्या गाठीकडे बराच वेळ पाहिलं.

“सैल राहिली, मास्तर,” तो म्हणाला. “पाय लावून ओढा.”

मास्तरने बूट फाळक्याला टेकवला आणि ओढली.